आत्याची पाठ

साळूबाईनं मागून चाकांची खुर्ची धरली आणि न विचारताच संयोगिताला नेऊन दाराजवळच्या कोपऱ्यात लावलं. कपाट सरकवावं तसं.

"हितं बरं. मघापासनं पायात येत हुतीस बाई सगळ्यांच्या."

संयोगितानं आपल्या पायांकडं पाहिलं. भाच्याच्या बारशाला चुलतीशी कुठं भांडत बसायचं.

बायका येत होत्या, पाळण्यात डोकावत होत्या आणि डोळ्याला पदर लावत होत्या. "तोच हाय गं. अमृतच आला माघारी." दिवाळीला रजेवर आलेल्या अमृतनं, बाळाच्या बापानं, संयोगिताला, आपल्या बहिणीला, मागं बसवून मोटारसायकल काढली होती. कवठे महांकाळच्या रस्त्यावर ट्रकनं त्याला नेलं, आणि तिचे पाय. तेव्हा पोर आईच्या पोटात होतं.

कोपऱ्याशी आलं की बायकांचा आवाज बारीक होई. मयताच्या घरी होतो तसा. एकीनं खुर्चीच्या दांड्याला आपली पर्स अडकवली. दुसरीनं साळूबाईला विचारलं, "हिला चहा चालतोय का?"

"चालतोय," संयोगिता म्हणाली. "साखर जरा जास्तीची."

बाई दचकलीच. फोटोनं उत्तर दिल्यासारखी. अमृतचा फोटो तिथंच, संयोगिताच्या डोक्यावर, भिंतीला होता. हार घातलेला. बायका आधी त्याच्याकडं बघत, मग तिच्याकडं, आणि नजर तीच असे. संयोगिताला वाटलं, आपल्या गळ्यात तेवढा हार घालायचा राहून गेलाय.

पाळण्यात आधी वरवंटा निजवून झाला, मग बाळ. साळूबाईनं आपल्या लेकीला हाक मारली. "ये गं, नाव तू ठेव. चुलत का असंना, आत्याच की."

"आत्या मी हाय, काकी."

साळूबाईची लेक उठता उठता थांबली.

"व्हय गं माझी बाय." साळूबाईचा आवाज एकदम मऊ झाला. दुखणाईताला भरवताना होतो तसा. "पर पाळणा उंच. वाकायचं, ताटकळायचं, कशाला तुला तरास? आपल्या घरचंच हाय सगळं. तू आपली चल आतल्या खोलीत…" आणि 'चल' तोंडातून गेलं म्हणून तिनं जीभ चावली.

"चल म्हणा की, काकी. त्या शब्दानं काय हुतंय मला? पर नाव मीच ठेवणार."

 बायकांचं एकमेकींकडं बघणं तेवढं चाललं.

तेव्हा बाळाची आई उठली. शिवांजली. दिवाळीपासून ती नणंदेला एक शब्द वाकडा बोलली नव्हती. सरळही नाही. ताट पुढं ठेवायचं, औषध पुढं ठेवायचं, आणि नजर न देता जायचं. नणंद-भावजय आधी मिठाच्या बरणीवरून भांडायच्या. आता घरात भांडणाचा आवाजच उरला नव्हता, आणि संयोगिताला रात्री त्या शांततेनंच जाग यायची.

शिवांजली समोर आली आणि उकिडवी बसली. दोघींचे डोळे एका पातळीत आले.

"वन्सं, कसं जमंल तुमाला? पाळणा खाली घिऊ का बाळ मांडीवर दिऊ?"

सकाळपासून संयोगिताला काय पाहिजे ते सगळ्यांनी दुसऱ्यालाच विचारलं होतं. 

"पाळणाच खाली घे, वैनी. नाव पाळण्यातच ठेवायचं."

"आन् खुर्ची?"

"खुर्ची माझी मी आणती."

शिवांजलीनं दोरीची गाठ सैल करून पाळणा उतरवला. संयोगितानं चाकं फिरवली. बायकांनी लुगड्यांचे काठ आवरून घेतले.

बाळाकडं बघायची तिला खरं तर भीती वाटत होती. अमृतच्या डोळ्यांनी ते बघेल आणि काहीतरी विचारेल, अशी. पण बाळ झोपलं होतं. ओठ चोखत होतं. ते कुणासारखंच नव्हतं. तिनं त्याच्या कानाशी तोंड नेलं.

"कुर्रर्र… विश्वजीत."

आता पाठ. आत्यानं नाव घेतलं रे घेतलं की भोवतीच्या बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घालायचे. इथल्या एकूण एक आत्यांनी ते खाल्लेले होते, आणि साळूबाईचा हात तर गावात नावाजलेला. संयोगिता पाळण्याची कड धरून वाकली. तशीच थांबली.

कुणी हललं नाही. हात सगळ्यांचे मांडीत. पंखा तेवढा फिरत होता.

"झालं की गं," साळूबाई हळूच म्हणाली. "घुगऱ्या वाटा आता."

संयोगिता वाकलेलीच. मनगट भरून आलं. तिनं पाळणा सोडला नाही.

धप्प.

आवाज आला. हात लागला नाही.

तिच्या दंडावर काटा उभा राहिला. न सांगता मागून येऊन तिच्या पाठीत धपाटा घालणारा या घरात एकच होता. तो गेल्याला अजून वर्षही भरलं नव्हतं. मान वळवायचा तिला धीर होईना.

"आगं ए शिवांजले!" साळूबाई ओरडली. "लागंल की तिला!"

तेव्हा संयोगितानं मान वळवली. मागं भावजय उभी होती. मूठ अजून आवळलेली, हनुवटी थरथरत होती. राग होता की रडू, ते तिचं तिलाही कळत नसावं.

"वैनी," संयोगिता म्हणाली, "तिथं कमरंपाशी मला कळत न्हाई. जरा वर घाल."

शिवांजलीनं पदर खोचला.