प्लॅनरचं काम

रिसेप्शन वाळवंटात, आणि तेही सगळं घरच्या हातांनी, असा लेकीचा हट्टच होता. लोकांचे कपडे शिवून तिला एकटीने वाढवणाऱ्या आईने चार महिने मशीन चालवून अख्खा मांडव शिवून काढला.

"सगळं आपणच करतोय, मग ही प्लॅनर कशाला गं मधे?" आईने एकदा विचारलंच.

"एक काम माझ्याने नाही व्हायचं, आई. तेवढ्यापुरती आहे ती."

त्या दिवशी भर उन्हात आईने वाळूत खुंट्या ठोकल्या, मांडव ताणून बांधला, शेवटची खुर्चीसुद्धा पदराने पुसली. दोरीने तळहात सोलवटले, पण तोंडावरचं हसू काही मावळेना. ऊन कललं, लांबवर व्याह्यांच्या गाड्यांची धूळ दिसली, तशी ती पिशवीतले ठेवणीतले कपडे काढून लगबगीने मांडवामागे निघाली.

प्लॅनर आडवी आली.

"काकू, कपडे राहू द्या. कामाच्या माणसांची जीप निघतेय. पाहुणे उतरायच्या आत तुम्हाला तिच्यात बसवायचं, एवढं एकच काम ताईंनी मला दिलंय."