पडद्यावरचं पेव

“धोंडा परत लावा,” नानासो म्हणाले, “आणि परत काढा. पण या खेपेला जरा हसत.”

“आवं, पेव उघडताना कोन हसतंय व्हय?” अंबूबाई म्हणाली. पण हसली.

कवठे महांकाळच्या माळावरच्या त्या वाडीत अंबूबाईनं परक्या माणसाला पेव दाखवावं, हे कुणालाच पटलं नव्हतं. लढाई चालू होती. सरकारी लेव्हीची माणसं घराघरांतून सक्तीनं धान्य उचलत होती. आणि जमिनीच्या पोटातलं हे जोंधळ्याचं पेव म्हणजे वाडीचा जीव. पावसानं दडी मारली की अंबूबाई ते उघडायची आणि घर न घर जेवायचं. सासूनं मरताना तिच्यावर सोपवलेलं काम होतं ते.

नानासो मूळचे कराडचे. मुंबईत राहून सरकारसाठी माहितीचे बोलपट काढायचे. शेती आणि धान्यावर त्यांचं काम चाललं होतं. इस्लामपूरकडचे लोखंडी नांगर, पाण्याची इंजिनं टिपून झाली होती. आता जुनी तऱ्हा हवी होती. अंबूबाईनं आधी दादच दिली नाही. मग ते सहज बोलून गेले, “पलटणीतल्या जवानांना दाखवायचाय हा बोलपट.”

तिचा सिद्धू पलटणीत होता. एकुलता एक. गेला तो पुन्हा आलाच नव्हता, आणि तिचा साधा फोटोही त्याच्यापाशी नव्हता. पोर आपला चेहरा विसरलं असेल, या विचारानं तिला घास गोड लागत नसे.

“माझं त्वांड दिसंल त्येला?”

“स्वच्छ दिसेल. आणि वाडीचं नाव कुठं येणार नाही. माझा शब्द.”

धोंडा पुन्हा हलला. आतली कोंडलेली हवा माणूस मारते, म्हणून तिनं आधी पेटता कंदील दोरानं खाली सोडला. ज्योत टिकली तेव्हाच गडी आत उतरला. जोंधळा वर आला. ओंजळ भरून ती कॅमेऱ्याकडे वळली आणि थेट लेकाशीच बोलली, “सिद्धू, काळजी करू नगंस. दुस्काळ पडला तरी वाडी उपाशी ऱ्हात न्हाई बग.”

“यात बोलणं उमटत नाही हो,” नानासो म्हणाले. “ते मागाहून मुंबईत भरतात.”

“मग तेवढं तुमी सांगा त्येला.”

“सांगू की.”

नानासोंनी शब्द पाळला. लेव्हीवाले पेवाकडं फिरकलेसुद्धा नाहीत. नावं ठेवणारी वाडी गप्प झाली आणि अंबूबाई ताठ मानेनं वावरू लागली.

लढाई संपली. एका दुपारी सिद्धू दारात येऊन उभा राहिला. तिनं भाकरतुकडा ओवाळून टाकला, पाणी दिलं, आणि तो टेकतो न टेकतो तोच विचारलं, “बोलपट बगितलास न्हवं? दिसली का मी?”

“बगितला,” तो खाली मान घालून म्हणाला. “आख्ख्या पलटणीनं बगितला.”

“मग? म्या काय म्हनलं, ते सांगितलं का नानासोंनी?”

“सांगितलं की. ही बाई बगा, असं बोलपटात म्हनले. तुमी तिकडं मरताय, आन् ही तुमच्या तोंडचा घास जमिनीत पुरतीया. पोरं खवळली, आई. उठून पडद्यावर थुकली.”

अंबूबाई भिंतीला टेकली. “आन् तू रं?”

“शेजारच्यानं इचारलं, वळखीची हाय का रं? म्या न्हाई म्हनलं. आन् त्येच्या मागनं जाऊन म्या बी थुकलो.”