शिंगं गळालेला वीर

जपानी चित्रकथेचा बारावा भाग शलाकाने धाडकन मिटला आणि ती उशीत तोंड खुपसून रडू लागली. तिच्या लाडक्या वीराने मुकुटासाठी जिवाभावाचे सोबती सैतानाला विकले होते. शेवटच्या पानावर त्याला शिंगंही फुटली होती.

"बघू गं, काय एवढं?" आत्याने पुस्तक उचललं. जपानी पुस्तक आपल्या उलट बाजूने सुरू होतं, हे तिला कुठलं ठाऊक! भाषांतरातल्या इंग्रजी अक्षरांच्या वाटेला न जाता ती शेवटाकडून चित्रं बघत निघाली.

"वेडाबाई, रडतेस काय? गुणाचं पोर आहे की! शिंगं गळाली, मुकुट उतरवला, मेलेले गडी एकेक उठून बसले. आता बघ, शेकोटीपाशी सगळे कसे खिदळताहेत! पुढे याला आई भेटते का गं?"

चूक सांगायला उठलेली शलाका थबकली.

"भेटते ना!" डोळे पुसत ती हसली. अकरावा भाग आत्याच्या मांडीवर ठेवून तिला खेटून बसली. त्या भागात वीराची आई गावच्या आगीत गेली होती. आत्याच्या वाटेने गेलं, तर ती त्याच आगीतून चालत घरी येणार होती.