काकांची स्वतःची धून

“आता हीच लावणीत,” मी फर्मान सोडलं, आणि सिरिलकाकांनी मी रचलेली धून गिटारवर लावणीच्या ठेक्यात वाजवली. मग कव्वालीत. चाळीस वर्षं रेकॉर्डिंगला आणि दौऱ्यांवर ते दुसऱ्यांना हवं तसं वाजवत आले होते. उद्या माझं पहिलंवहिलं रेकॉर्डिंग होतं, म्हणून मी शाळेतून थेट त्यांच्याकडे आले होते.

“आता तुमची स्वतःची धून, काका.”

“ती कोण मागतं गं?” म्हणत त्यांनी वाजवायला घेतली. बोटं पळत होती, तारा थरथरत होत्या, पण आवाज येत नव्हता. मी तारेला हात लावला, तर बोटाला झिणझिण्या आल्या.

“छान आहे,” मी पुटपुटले.

“खोटारडी. मलाही दहा वर्षांत ऐकू आलेली नाही.”

दुसऱ्या दिवशी संगीतकार म्हणाले, “गिटार अगदी सिरिलसारखी वाजव हं.” मी वाजवली. पहिलाच टेक ओके झाला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि मी तरंगतच घरी आले.

आईला माझी धून ऐकवायला बसले.

“इतकं हळू काय वाजवतेस?” ती म्हणाली. “जरा जोरात वाजव की.”

मी सगळा जोर लावूनच वाजवत होते.