पाठमोरी

"रेबादी, पाठ कॅमेऱ्याकडे," दिग्दर्शक तपोब्रत म्हणाला.

टॉलीगंजच्या बंगाली सिनेमाच्या स्टुडिओतला हा रिवाजच होता. नवरा असताना दुसऱ्यावर जीव लावणाऱ्या नायिकेचा शेवटचा शॉट पाठमोरा घ्यायचा. ओठ दिसत नाहीत. मग डबिंगच्या वेळी निर्माता तिच्या तोंडी हवं ते घालतो. रेबा लाहिडीने अशा सहा बायका रंगवल्या होत्या. सहाही जणी अडीच तास मनासारख्या वागल्या आणि शेवटी खिडकीकडे तोंड करून, नवऱ्याची माफी मागून मोकळ्या झाल्या. रेबादेवींची पाठसुद्धा अभिनय करते, असं एका समीक्षकाने लिहिलं होतं. त्याला तेवढीच दिसली होती.

ही सातवी. कच्ची फिल्म एका टेकपुरतीच उरलेली.

रेबा खिडकीपर्यंत गेली. थांबली. मग वळली आणि थेट भिंगात बघत म्हणाली, "दोघंही माझेच होते. माफी कुणाची मागू?"

फिल्म संपली. निर्माते पाकडाशीबाबूंचा चहा मातीच्या भांड्यातच निवला.

"जिल्ह्यांतल्या थिएटरांत लोक खुर्च्या तोडतील, रेबा! डबिंगला माफी माग, म्हणजे झालं."

"नाही मागणार."

"मग पुढचं काम कोण देतं ते बघतो. आणि माफी काय, दुसरीच्या आवाजात मागून घेईन."

"घ्या की. ओठ माझे आहेत. जुळवून दाखवा."

जुळले नाहीत. तीन जणी येऊन घसा खरवडून गेल्या. तोंड पूर्वेला, आवाज पश्चिमेला. शेवटी पाकडाशीबाबूंनी रेबाचा आवाजच काढून टाकला आणि त्या जागी सतार घातली. "आता बोल म्हणावं," ते म्हणाले.

पहिल्या खेळाला ते बायकोला घेऊन गेले. पडद्यावर रेबा वळली, ओठ हलले, सतार वाजली. एकही खुर्ची मोडली नाही. मात्र खेळ सुटल्यावर बायका जिन्यातून हलेनात.

"ती म्हणाली, मला गाणं शिकायचं होतं."

"छे गं! म्हणाली, सासूला सांगा, आजपासून मासे मी कापणार नाही."

"तुझं आपलं काहीतरीच. ती त्याचं नाव घेत होती."

"कुणाचं?"

"ते तुला कशाला?"

पाकडाशीबाबू खूश झाले. कुणालाच काही कळलं नव्हतं. गाडीत बसल्यावर त्यांनी खात्री करून घ्यायची म्हणून बायकोला विचारलं, "काय गं, शेवटी काय म्हणाली ती?"

बायकोने पानाचा विडा एका गालातून दुसऱ्या गालात सारला.

"म्हणाली, बावीस वर्षं झाली, तुला काय हवं ते या माणसाने एकदाही विचारलं नाही."

चित्रपटातल्या जोडप्याच्या लग्नाला दोनच वर्षं झाली होती.