चौकटी आखणारा

यदूनं मला पहिल्या रांगेत बसवलं. "आज सांगून टाकतो बघ सगळ्यांना," असं कानात म्हणून तो सत्कारासाठी स्टेजवर गेला.

सव्वीस वर्षं गुप्तहेर शेखरच्या कॉमिकच्या गोष्टी त्यानं लिहिल्या, चित्रं मी काढली आणि दोन्हींखाली नाव त्याचं. माझी सरकारी शाळेतली नोकरी, बाहेरचं काम चालायचं नाही. "रिटायर हो, मग तुझं नाव लावू," हे त्याचेच शब्द. रिटायर होऊन मला चार वर्षं झाली.

नायकाचा हात चौकट फोडून थेट वाचकाच्या अंगावर आणणारा चित्रकार, असं निवेदिकेनं त्याचं भरभरून कौतुक केलं. मग आग्रह झाला तसा त्यानं फळ्यावर शेखर काढला. बघून बघून तेवढं जमायचं त्याला.

मागून एक बाई उठल्या. "घड्याळ चुकलं. शेखर ते उजव्या हातात घालतो. पहिल्या अंकापासून."

यदूनं माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता सांगतो.

"उजव्या हातात छापून यायचं, ती यांची चूक हो," माझ्याकडे बोट दाखवून तो हसला. "चौकटी आखायला यायचे माझ्याकडे, माझ्या पेन्सिलीवर शाई फिरवायचे. घड्याळ कायम चुकवायचे. जुना माणूस, बोलणार काय!"

सगळं सभागृह हसलं. "उभे राहा की काका," निवेदिका म्हणाली. टाळ्या सुरू झाल्या. मी उठलो, मागे वळून हात जोडले, तशी बाही सरकली आणि माझ्या उजव्या मनगटावरचं घड्याळ उघडं पडलं.

टाळ्या वाजतच होत्या. त्या बाईंचे हात तेवढे थांबले.