तीनदा पुकारा

“रोजनाम्यात लिहिलंय, तीनदा पुकारा केला, दुकानदार गैरहजर,” अपील ऐकणाऱ्या मॅडम म्हणाल्या. “पुकारणारे शिपाई तुम्हीच ना?”

रामधनने मान हलवली. डावीकडे निलंबनाचा आदेश काढणारे त्याचे साहेब बसले होते, मांडीवर फाइल घेऊन. उजवीकडे भुरीबाई आडे, दिग्रसच्या पुढच्या तांड्यावरची रेशन दुकानदार. आठ महिने तिचा परवाना निलंबित होता आणि आठ महिने तांड्यातली माणसं सात किलोमीटर चालून दुसऱ्या गावाहून रेशन आणत होती. आज अपील फेटाळलं तर दुकान कायमचं गेलं.

आरोप एवढाच, की मशीनवर अंगठा न घेता धान्य वाटलं. त्या तांड्यावर नेटवर्क मिळायला नशीब लागतं. मिळालं नाही त्या दिवशी भुरीबाईने वहीत अंगठे घेतले आणि गहू-तांदूळ देऊन टाकले. आठ महिन्यांपूर्वी, साहेबांपुढच्या सुनावणीच्या दिवशी, ती वही कापडी पिशवीत घालून भुरीबाई पहिल्या जीपने आली. कचेरीच्या व्हरांड्यात बाकड्याच्या टोकाला बसली. दुपारी रामधनने पाणी दिलं, तेव्हा तिने विचारलं, माझी हाक कधी होईल? होईल, बसा, असं तो म्हणाला. बाई बसून राहिली. हाक चुकेल म्हणून जेवायलाही उठली नाही. संध्याकाळी बाबूने तिच्या हातात निलंबनाचा आदेश ठेवला. ती ना भांडली, ना रडली. पिशवी उचलून शेवटच्या जीपकडे चालू लागली. चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं रामधनला पुढे किती वेळा वाटलं.

कारण त्या बाकड्याने त्याचा पिच्छा सोडला नाही. कोणाचंही नाव पुकारलं, की बाकड्याच्या टोकाला कोणीतरी पिशवी सावरत अर्धवट उठायचं आणि नाव आपलं नाही हे कळून परत बसायचं. भर दिवसा, भर गर्दीत. एकदा तो ‘बसा, बसा’ म्हणाला आणि बाकडं रिकामं होतं. बाबू लोक पोट धरून हसले. मग त्याचा आवाजच बसला. डॉक्टरने घसा पाहून गोळ्या दिल्या. बायकोने, जमनीने, खोदून विचारलं तेव्हा त्याने सांगितलं, एका बाईचं नाव पुकारायला विसरलो. माणूस आहे, विसरतो, असं जमनी म्हणाली. तो स्वतःलाही तेच सांगत आला होता.

आज सकाळी साहेबांनी त्याला आपल्या गाडीत शेजारी बसवलं. अठ्ठावीस वर्षांच्या नोकरीत पहिल्यांदाच. वाटेत दारव्ह्याला चहाही पाजला. ‘पुकारलं’ एवढंच म्हणायचं, पाच महिन्यांनी तुझ्या पेन्शनचे कागद मी स्वतः हातावेगळे करतो, असं ते गोडीत म्हणाले.

“रामधन, मी विचारतेय. पुकारलं होतं का?”

“नाही, मॅडम.”

साहेबांची फाइल मांडीवरून घसरली. मॅडमनी चष्मा काढला. कामाच्या गडबडीत राहून गेलं असेल, असं त्या मऊ आवाजात म्हणाल्या. तसं असेल तर रामधनला एक मेमो मिळेल, बाईंची सुनावणी नव्याने होईल आणि विषय तिथेच मिटेल.

“विसरलात ना?”

किती सोपं होतं. साहेबही आता त्याच्याकडे बघून हळूच मान डोलावत होते. रामधनने पहिल्यांदाच उजवीकडे पाहिलं. भुरीबाईच्या चेहऱ्यावर राग नव्हता. ती फक्त कान देऊन बसली होती. रामधनला स्वतःची भयंकर लाज वाटली.

“विसरलो नाही, मॅडम,” तो म्हणाला. “पुकारून कायले बलावू बाईले? आदेशावर त्या दिवशी सकाळीच सही झालती. शिक्का म्याच मारला.”